लॉर्ड रे : एक परका उमराव आणि त्याने दिलेला शब्द

(ग्रंथालयाच्या शताब्दी व्याख्यानमालेत तुकोगंज, इंदूर येथे दिलेले व्याख्यान)



ग्रंथालयाच्या कार्यवाहांचे निमंत्रण आले तेव्हा त्यांनी विषयाची निवड माझ्यावर सोपवली होती. मी विषय कळवला आणि आठ दिवसांनी त्यांचे अतिशय सौम्य शब्दांतले पत्र आले. मराठी ग्रंथालयाच्या शताब्दीत एका विलायती लॉर्डाचे चरित्र कशासाठी, असा त्यांचा प्रश्न होता. प्रश्न रास्तच होता. पत्रोत्तरी मी त्यांना एवढेच लिहिले की, हे चरित्र दोन मंडयांमधून जाते आणि दोन्ही मंडया आपल्या आहेत. तेवढ्यावर त्यांनी विश्वास ठेवला, ह्याबद्दल त्यांचे आभार मानून मी आरंभ करतो.

मुंबईत धोबी तलावाच्या पुढे एक भव्य मंडई आहे. ती १८६९ साली पुरी झाली आणि मुंबईचे पहिले म्युनिसिपल कमिशनर आर्थर क्रॉफर्ड ह्यांचे नाव तिला मिळाले. दुसरी मंडई पुण्यात, शुक्रवार पेठेत. मध्यभागी अष्टकोनी मनोरा आणि त्यातून फुटलेल्या आठ बाजू अशी ती वास्तू वासुदेव बापूजी कानिटकर ह्यांनी बांधली. १८८६ साली मुंबईचे गव्हर्नर लॉर्ड रे ह्यांच्या हस्ते ती उघडली आणि तिचे नाव 'रे मार्केट' पडले. आज ह्या दोन्ही मंडयांना महात्मा जोतीराव फुले ह्यांचे नाव आहे. मेथीच्या जुडीचा भाव करणाऱ्या गृहिणीला हे ठाऊक असण्याचे कारण नाही की, ज्या दोन गोऱ्यांची नावे ह्या दोन कमानींवरून उतरली, त्यांपैकी दुसऱ्याच्या सरकारने पहिल्यावर १८८८ साली लाचखोरीचा आरोप ठेवला आणि शेवटी त्याला नोकरीवरून घालवले. आणि ज्यांचे नाव वर चढले ते जोतीराव पुणे नगरपालिकेचे सदस्य असताना ह्याच पुण्याच्या मंडईच्या खर्चाला विरोध करीत होते. हा पैसा गोरगरिबांच्या शिक्षणाला लावा, असे त्यांचे म्हणणे होते. पुढे आचार्य अत्रे नगरपालिकेत असताना मंडईला जोतीरावांचे नाव दिले गेले. इतिहासाला विनोदबुद्धी असते की नाही हे मला ठाऊक नाही. अत्र्यांना होती.

आता ह्या लॉर्ड रे ह्यांची ओळख करून देतो. नाव फसवे आहे. आपल्या भाषेत 'रे' ही जवळिकीची हाक, म्हणून 'रे रोड' हे स्थानकाचे नाव वाचताना बालपणी मला कोणीतरी कोणाला तरी हाक मारते आहे असेच वाटे. वास्तविक ती स्कॉटलंडच्या अगदी उत्तर टोकाची जागा. तेथील मॅके कुळाच्या प्रमुखाला १६२८ साली पहिल्या चार्ल्स राजाकडून 'लॉर्ड रे' हा किताब मिळाला. युरोपातील तीस वर्षांच्या युद्धात आपली पलटण घेऊन हा पहिला लॉर्ड लढायला गेला. कुळाची एक शाखा डच सैन्यात नोकरीला राहिली आणि पिढ्यान्‌पिढ्या तेथेच रुजली. तिकडे थोरल्या शाखेने १८२९ साली आपला सगळा मुलूख सदरलंड घराण्याला विकून टाकला. किताब मात्र विकता येत नाही, तो राहिला.

इंदूरच्या श्रोत्यांना हे समजावून सांगण्याची गरज नाही. ह्या वस्तीच्या नावातच तुकोजीराव आहेत. गादी, जहागीर, सरंजाम, मानकऱ्यांची उतरंड, कोणाला मुजरा किती पावलांवरून, हे सगळे आपल्या आजोबा-पणजोबांनी अनुभवले. सनद आहे पण गाव नाही, अशी घराणीही आपण पाहिली आहेत. १८७५ साली स्कॉटलंडमधील थोरली शाखा निपुत्रिक संपली आणि तो बिनगावाचा किताब हॉलंडमधील एका डच मंत्र्याकडे चालून गेला. वर्षभरात तेही वारले आणि १८७६ साली त्यांचे पुत्र डोनाल्ड जेम्स मॅके अकरावे लॉर्ड रे झाले.

हे डोनाल्ड मॅके २२ डिसेंबर १८३९ रोजी हेग शहरी जन्मले. लायडन विद्यापीठात त्यांनी कायद्याची डॉक्टर ही पदवी घेतली आणि १८७१ ते १८७५ ते डच संसदेच्या कनिष्ठ सभागृहाचे सभासद होते. म्हणजे पस्तिशीपर्यंत हा मनुष्य पूर्णपणे डच होता. १८७५ त तो इंग्लंडला आला, १८७७ त त्याला पार्लमेंटच्या कायद्याने ब्रिटिश नागरिकत्व मिळाले आणि त्याच वर्षी त्याचा विवाह झाला. तरीही लॉर्डसभेत बसण्याचा हक्क नव्हताच. स्कॉटलंडच्या उमरावांनी आपल्यातून सोळाच प्रतिनिधी निवडून पाठवायचे अशी १७०७ पासूनची रीत होती. म्हणून १८८१ साली ग्लॅडस्टन ह्यांच्या सरकारने त्यांना संयुक्त राज्याचा स्वतंत्र बॅरन किताब दिला. लिबरल पक्ष, शिक्षणाची आवड, कायद्याचा अभ्यास आणि अंगात इंग्रजी उमरावी रक्त जवळजवळ नाही, अशी ही मूर्ती १८८५ च्या मार्चअखेर मुंबईच्या गव्हर्नरपदावर आली. वय पंचेचाळीस.

येथे एक कारभाराचा मुद्दा सांगितला पाहिजे, कारण पुढचे सगळे त्यावर अवलंबून आहे. हिंदुस्थानातील बहुतेक प्रांतांचे मुख्य अधिकारी सनदी नोकरीतून वर चढलेले सिव्हिलियन असत. ते तीस-तीस वर्षे ह्याच देशात घासलेले, एकमेकांचे मित्र, मेहुणे, क्लबातले सोबती. मुंबई आणि मद्रास हे दोन इलाखे मात्र अपवाद. तेथे गव्हर्नर थेट विलायतेतून, बहुधा उमरावांतून येई. सिव्हिलियन मंडळींच्या लेखी तो पाच वर्षांचा पाहुणा. त्याने मेजवान्या द्याव्या, कोनशिला बसवाव्या, गणेशखिंडीत आणि महाबळेश्वरी हवा खावी, आणि कागदांवर सही करावी. बरेचसे गव्हर्नर तसेच वागले. रे ह्यांच्या पाठोपाठ १८९० त आलेले लॉर्ड हॅरिस हेही वंशपरंपरेचे उमरावच. परंतु त्यांच्या कारकीर्दीतली सर्वांत स्मरणात राहिलेली गोष्ट क्रिकेट ही आहे. किताब माणसाला संधी देतो. त्या संधीचे काय करायचे हे किताबात लिहिलेले नसते.

रे ह्यांनी आल्या आल्या जे केले त्यावरून त्यांचा कल दिसतो. १८८५ सालीच त्यांनी दादाभाई नौरोजी आणि न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे ह्यांना मुंबईच्या कायदेकौन्सिलात घेतले. त्यांच्यानंतर फिरोजशहा मेहता आले. ह्याच कौन्सिलातून १८८८ चा मुंबई महापालिकेचा कायदा बाहेर पडला. मेहतांचा आणि काशिनाथ त्र्यंबक तेलंगांचा त्यात मोठा हात होता. दुरुस्त्या होत होत तोच कायदा आजही मुंबईचा कारभार चालवतो आहे. १८८९ त तेलंग हायकोर्टाचे न्यायमूर्ती झाले. १८८६ साली व्हिएन्ना येथे प्राच्यविद्येची आंतरराष्ट्रीय परिषद भरली, तेव्हा मुंबई सरकारचे प्रतिनिधी म्हणून डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकर गेले. लायडनच्या पदवीधराला संस्कृत पंडिताची किंमत कळावी ह्यात नवल नाही, कारण लायडन ही प्राच्यविद्येची जुनी पेठच. धंदेशिक्षणाकडे त्यांचे विशेष लक्ष होते. राणीच्या सुवर्णमहोत्सवाच्या निमित्ताने १८८७ साली मुंबईत व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूट निघाली. पुण्यात महादेव बल्लाळ नामजोशी ह्यांच्या खटपटीने औद्योगिक प्रदर्शन झाले आणि त्यातूनच 'लॉर्ड रे औद्योगिक संग्रहालय' उभे राहिले. तुम्हांपैकी जे पुण्याला घोले रस्त्यावर गेले असतील त्यांनी ते पाहिले असेल, कारण आज त्याचे नाव महात्मा फुले वस्तुसंग्रहालय आहे. म्हणजे रे ह्यांच्या नावाची पुण्यातली दोन्ही घरे जोतीरावांनी घेतली.

आणखी एक गोष्ट फारशी सांगितली जात नाही. १८८५ च्या डिसेंबरात राष्ट्रीय सभेचे पहिले अधिवेशन भरावयाचे होते. ह्यूम साहेबांच्या मनात असे होते की, त्याचे अध्यक्षस्थान लॉर्ड रे ह्यांनी घ्यावे. व्हाइसरॉय डफरिन ह्यांनी त्याला संमती दिली नाही आणि व्योमेशचंद्र बॅनर्जी अध्यक्ष झाले. क्षणभर कल्पना करा, ज्या सभेला पुढे सरकारने राजद्रोही ठरवले तिच्या पहिल्या खुर्चीवर मुंबईचा गव्हर्नर! माझ्या मते डफरिन ह्यांनी नकळत आपल्यावर उपकारच केले. परंतु ह्यूम ह्यांना हेच नाव सुचावे, ह्यावरून त्या वेळी रे ह्यांची लोकांतील प्रतिमा काय होती ते कळते.

आता मी मूळ गोष्टीकडे येतो.

आर्थर ट्रॅव्हर्स क्रॉफर्ड हे १८८८ साली मध्यभागाचे कमिशनर होते. पुणे, सातारा, सोलापूर, नगर, नाशिक, खानदेश हा सगळा प्रदेश त्यांच्या हाताखाली. मनुष्य कर्तबगार, दिलदार आणि कर्जात गळ्यापर्यंत बुडालेला. मुंबईचे रस्ते, गटारे, बाजार सुधारणारा तोच. आणि देणेकऱ्यांना चुकवीत फिरणाराही तोच. मामलेदारांच्या नेमणुका, बढत्या आणि बदल्या ह्या कमिशनराच्या लेखणीत असत. त्या लेखणीचा भाव ठरलेला आहे, आणि तो हणमंतराव नावाच्या मध्यस्थामार्फत चुकता होतो, अशी कुजबूज कित्येक वर्षे दक्षिणेत चालू होती.

मामलेदारी म्हणजे काय हे ह्या सभेत सांगण्याची आवश्यकता नसावी. दक्षिणेतून माळव्यात चाकरीला आलेली अनेक घराणी येथे बसली आहेत. तालुक्याचा वसूल, खजिना आणि फौजदारी अधिकार, सगळे त्याच्या हाती. गावात त्याचा दरारा राजासारखा आणि साहेबापुढे त्याची स्थिती शिपायासारखी. अशा माणसाकडे मध्यस्थ येतो आणि सांगतो की अमुक रक्कम दिलीत तर बढती होईल, नाही दिलीत तर कोकणातल्या किंवा खानदेशातल्या एखाद्या हिवतापाच्या तालुक्यात बदली होईल. घरी म्हातारी आई, मुलीचे लग्न ठरलेले. काहींनी लोभाने दिले, हे उघड आहे. पुष्कळांनी भयाने दिले. आणि ज्यांनी नाही दिले ते कुठल्या कुठे फेकले गेले. दिलेला पैसा वसूल कसा होई हे विचारायला नको. तो शेवटी कुणब्याच्याच मोटेतून निघे.

हे सगळ्यांना ठाऊक होते. पूर्वीच्या गव्हर्नरांच्या कानावर ते कधीच आले नसेल असे मानणे कठीण आहे. परंतु सिव्हिलियनाने सिव्हिलियनावर हात टाकायचा नाही, हा अलिखित नियम होता. रे ह्यांच्यावर तो बंधनकारक नव्हता. त्यांचा कोणी मेहुणा पुण्याच्या क्लबात नव्हता. त्यांना पुढे बढती घ्यायची नव्हती, पेन्शन ह्या देशातून मिळवायची नव्हती. बापाकडून आलेला किताब कोणी काढून घेऊ शकत नव्हते. वंशपरंपरेच्या मोठेपणाबद्दल मला स्वतःला मुळीच आदर नाही. गुणावाचून मिळालेला मान हा मान नव्हे, असेच मी लहानपणापासून मानत आलो. परंतु येथे कबूल केले पाहिजे की, परीक्षेतून निवडलेले, गुणवान, अनुभवी अधिकारी जे करू धजले नाहीत ते एका आयत्या किताबाच्या, अर्ध्या डच माणसाने केले. त्याचे परकेपण हेच त्याचे बळ होते.

क्रॉफर्ड ह्यांना निलंबित करण्यात आले. ते वेषांतर करून पुण्याहून निसटले आणि मुंबईत पकडले गेले. मुंबईच्या पहिल्या म्युनिसिपल कमिशनराला त्याच मुंबईत असे सापडावे! हणमंतरावावर खटला होऊन त्याला शिक्षा झाली. क्रॉफर्ड ह्यांच्या चौकशीसाठी तीन सभासदांचे मंडळ नेमले गेले. न्यायमूर्ती विल्सन, क्विंटन आणि क्रॉस्थवेट असे ते तिघे, तिघेही मुंबई इलाख्याबाहेरचे. पण साक्षीदार कोठून आणायचे? लाच घेतल्याचे सांगणार कोण? ज्याने दिली तोच. आणि कायद्याने देणाराही गुन्हेगार. स्वतःच्या तोंडाने 'मी लाच दिली' म्हणणाऱ्या मामलेदाराची नोकरी जाणार, अब्रू जाणार, वर तुरुंगाची भीती. कोण बोलेल?

तेव्हा चौकशीचे काम पाहणाऱ्या ऑमॅनी ह्या अधिकाऱ्यामार्फत सरकारने अभय दिले. जो खरे सांगेल त्याच्यावर खटला होणार नाही आणि त्याची नोकरी जाणार नाही. ह्या अभयाला गव्हर्नरांची संमती होती. मामलेदारांनी 'लाटसाहेबाचा शब्द' एवढे ऐकले आणि ते बोलले. पुण्यात चौकशी चालू असताना एकामागून एक मामलेदार उभे राहून आपापली कहाणी सांगत होते. हे दृश्य मी अनेकदा डोळ्यांसमोर आणण्याचा प्रयत्न केला आहे. डोईवर पागोटे, अंगात अंगरखा, खांद्यावर उपरणे, समोर तीन गोरे, उलट तपासणी करणारा निष्णात बॅरिस्टर, आणि आपली सारी लाज मोजून दाखवणारा एक मध्यमवयीन ब्राह्मण किंवा प्रभू गृहस्थ. उद्याच्या वर्तमानपत्रात नाव येणार, ते त्याची सून वाचणार.

मंडळाने निकाल काय दिला? लाचेचा आरोप सिद्ध होत नाही. हाताखालच्या माणसांकडून कर्जे घेतली, एवढे सिद्ध होते. मुंबई सरकारला हा निकाल मान्य नव्हता आणि त्यांनी तसे लंडनला कळवले. तेथे भारतमंत्री लॉर्ड क्रॉस होते. रे ह्यांना नेमणारा लिबरल पक्ष केव्हाच सत्तेवरून गेला होता, क्रॉस हुजूर पक्षाचे. अखेर एवढेच झाले की, लाचेच्या आरोपातून सुटूनही क्रॉफर्ड नोकरीतून काढले गेले.

परंतु खरी परीक्षा ह्यापुढे होती. क्रॉफर्ड ह्यांचे मित्र आणि अँग्लो-इंडियन पत्रे ह्यांनी दुसऱ्याच बाजूने हल्ला चढवला. लाच देऊन पद घेतल्याचे ज्यांनी शपथेवर कबूल केले ते लोक फौजदारी अधिकाराच्या खुर्चीवर कसे बसू शकतात? हा प्रश्न चुकीचा होता असे मी म्हणणार नाही. चोराने न्याय करू नये, हे कोणालाही पटेल. पण हा प्रश्न विचारणारांना न्यायाची कळकळ नव्हती, त्यांना एका गोऱ्याला पाडल्याचा सूड काळ्यांवर घ्यायचा होता. पार्लमेंटात गवगवा झाला. दिलेले अभय कायद्यात बसते की नाही, ह्याचा खल झाला. कलकत्त्याचे सरकार आणि भारतमंत्री ह्यांनी निवाडा केला तो असा : साक्षीदारांवर खटले होणार नाहीत, त्यासाठी १८८९ चा अठरावा कायदा केला. पण ज्यांनी आपखुशीने, बढतीसाठी पैसे दिले असे ठरेल त्यांना पदावर ठेवायचे नाही. ज्यांच्याकडून धाकाने उकळले तेवढेच राहतील.

म्हणजे मुंबईच्या गव्हर्नराचा शब्द अर्धा पाळला गेला. तुरुंगाबद्दलचा अर्धा राहिला, नोकरीबद्दलचा अर्धा मोडला.

पुण्यात ह्याने खळबळ उडाली. फर्ग्युसन कॉलेजात गणित शिकवणारे तेहतीस वर्षांचे प्रोफेसर बाळ गंगाधर टिळक मामलेदारांच्या बाजूने उभे राहिले. १८८९ साली पुण्यात जाहीर सभा झाली. तिच्यामागे टिळकांची खटपट होती. त्यांनी विलायतेत डिग्बी ह्यांच्याशी पत्रव्यवहार केला आणि ब्रॅडलॉ ह्यांच्यामार्फत हा प्रश्न पार्लमेंटात नेला. टिळकांच्या चरित्रात आपण १८९७ चा आणि १९०८ चा खटला वाचतो. परंतु राज्यकर्त्यांना त्यांच्याच शब्दात पकडायचे, हे शास्त्र त्यांनी ह्या प्रकरणात घासून घेतले असे मला वाटते. मामलेदार निर्मळ आहेत, असा त्यांचा युक्तिवाद नव्हता. सरकारने शब्द दिला, त्या शब्दावर साक्ष घेतली, साक्षीचा उपयोग करून घेतला, आता शब्द फिरवता येणार नाही, एवढाच तो होता. तो मजबूत होता, कारण त्यात साक्षीदारांच्या चारित्र्याचा प्रश्नच उद्भवत नव्हता.

आता लॉर्ड रे ह्यांच्या वाट्याला दोष किती द्यायचा? ह्या प्रश्नावर मी बराच काळ अडखळलो आहे. एक पक्ष असा की, ते शेवटपर्यंत आपल्या साक्षीदारांच्या बाजूने भांडले, वरिष्ठांनी ऐकले नाही, त्यात त्यांचा काय अपराध? दुसरा पक्ष अधिक कठोर आहे आणि मला तोच पटतो. जे अभय मुंबईच्या हातात पूर्णपणे नव्हते ते मुंबईने द्यावे का? कायद्याचा डॉक्टर असलेल्या गव्हर्नराला हे कळायला हवे होते की, कलकत्ता आणि लंडन ह्यांची लेखी संमती आधी घेतली नाही तर हा शब्द हवेत राहील. त्यांनी घाई केली. घाई केली नसती तर कदाचित बातमी फुटली असती आणि एकही मामलेदार बोलला नसता, हेही खरे. पण किंमत त्यांनी मोजली नाही. ती पागोटेवाल्यांनी मोजली. गव्हर्नर मुदत संपवून १८९० च्या एप्रिलात सन्मानाने विलायतेला गेले. पदावरून दूर झालेले मामलेदार आपापल्या गावी गेले. क्रॉफर्ड ह्यांनी इंग्लंडात बसून आपल्या दख्खनी आठवणींची पुस्तके लिहिली. मामलेदारांपैकी कोणी लिहिल्याचे माझ्या पाहण्यात नाही. लाजेवर पुस्तक कोण लिहील?

ह्याच १८८८ च्या मे महिन्यात मुंबईत मांडवी-कोळीवाड्याच्या सभेत जोतीरावांना 'महात्मा' ही पदवी लोकांनी दिली. कागदावर सही नाही, सनद नाही, वंशपरंपरा नाही. १८९० च्या नोव्हेंबरात ते वारले. क्रॉफर्ड प्रकरणातली लाच शेवटी कुणब्याच्या खिशातून गेली, हे वर मी म्हटले. 'शेतकऱ्याचा असूड' १८८३ त लिहिणाऱ्या माणसाला त्यात नवीन काही दिसले नसते.

विलायतेला गेल्यावर रे ह्यांची सार्वजनिक सेवा पुढे तीस वर्षे चालू होती आणि ती बहुतेक शिक्षणाची होती. १८९४-९५ मध्ये ते उपभारतमंत्री होते, पण मंत्रिमंडळच अल्पायुषी ठरले. १८९७ पासून १९०४ त ते मंडळ बंद होईपर्यंत ते लंडन स्कूल बोर्डाचे अध्यक्ष होते. लंडनच्या गरीब वस्त्यांतील लाखो मुलांच्या शाळा ह्या मंडळाकडे होत्या. एखाद्या उमरावाने प्राथमिक शाळांच्या बाकांचा, पटाचा आणि शिक्षकांच्या पगाराचा हिशेब सात वर्षे पाहावा, ही मला लॉर्डसभेतल्या शंभर भाषणांहून मोठी गोष्ट वाटते. १९०२ साली ब्रिटिश अकादमी स्थापन झाली तेव्हा तिचे पहिले अध्यक्ष तेच होते. १८९३ पासून मरेपर्यंत, म्हणजे अठ्ठावीस वर्षे, रॉयल एशियाटिक सोसायटीचेही ते अध्यक्ष होते. भारतीय विद्येवर काम करणाऱ्या दोन पिढ्यांच्या पंडितांनी आपले निबंध त्यांच्या अध्यक्षतेखाली वाचले. स्वतः ते पंडित नव्हते. पंडितांना खुर्ची, दिवा आणि छापखाना मिळवून देणारे होते. ज्या ग्रंथालयात आपण बसलो आहोत तेही अशाच माणसांच्या खटपटीवर शंभर वर्षे टिकले, म्हणून हे मुद्दाम सांगितले.

१ ऑगस्ट १९२१ रोजी त्यांचे निधन झाले. मूलबाळ नव्हते. १८८१ चा बॅरन किताब त्यांच्याबरोबर संपला. १६२८ चा जुना किताब पुन्हा हॉलंडमधील चुलतघराण्याकडे गेला. पंधराएक वर्षांनी ते घराणेही ब्रिटिश झाले. आपल्याकडे १९४८ त संस्थाने मध्यभारतात विलीन झाली, १९७१ त तनखे बंद झाले. तिकडे त्यांनी आपल्या सवयीने घाई केली नाही. १९९९ साली वंशपरंपरेने लॉर्डसभेत बसण्याचा हक्क काढून घेतला, पण ब्याण्णव जणांना राहू दिले. त्या ब्याण्णवांत चौदावे लॉर्ड रे होते आणि २०१३ त मरेपर्यंत ते तेथे बसले.

आमच्या अकराव्यांचे नाव मुंबईत अजून आहे. हार्बर मार्गावर १९१० सालचे 'रे रोड' स्थानक आहे. २०२४ साली महाराष्ट्र विधिमंडळाने मुंबईतल्या सात स्थानकांची इंग्रजी नावे बदलण्याचा ठराव केला. त्यात सँडहर्स्ट रोड आहे, आणि सँडहर्स्ट हेही मुंबईचे गव्हर्नर आणि वंशपरंपरेचे लॉर्डच. रे रोड त्या यादीत नाही. कोणी आठवणीने वगळले असे मी समजत नाही. बहुधा ते नाव इंग्रजी आहे हेच कोणाच्या ध्यानात आले नसावे.